‘बुडाली’ एवढं काढ

बनूमावशी आमच्या घरी वर्षातून चार वेळा यायच्या, आणि चारही वेळा मेलेल्यांसाठी. आजोबांचं श्राद्ध, आजीचं श्राद्ध, पितृपक्षातला महालय आणि सर्वपित्री अमावास्या. पुढे वडील गेल्यावर पाचवी खेप वाढली. काशीत बालाजी घाटापासून दुर्गाघाटापर्यंतच्या गल्ल्यांत जी मराठी घरं अजून उरली आहेत, त्यांतल्या बहुतेकांकडे श्राद्धाचा स्वयंपाक त्याच करायच्या. लग्नामुंजीला त्यांना कोणी बोलावत नसे, आणि त्याचं त्यांना वाईटही वाटत नसे. “आपलं गिऱ्हाईक वरचं,” असं म्हणून त्या बोटानं छताकडे दाखवायच्या.

सकाळी सहाला यायच्या त्या थेट स्वयंपाकघरात. बुटक्या, काटकुळ्या, चालताना उजवीकडे थोड्या झुकणाऱ्या. बगलेत फडक्यात गुंडाळलेली स्वतःची विळी. दुसऱ्याच्या घरची विळी आपल्याला ओळखत नाही, असं त्यांचं म्हणणं. नमस्कार नाही, ख्यालीखुशाली नाही. ओलं लुगडं नेसून झालं की पहिला प्रश्न: “आज कोण कोण जेवायला येणार?”

माझी बायको कल्पना इंदूरची. लग्नानंतरच्या पहिल्या महालयाला तिनं सरळ उत्तर दिलं, “दोन गुरुजी आणि घरचे पाच.”

“अगं, ते मालूम आहे मला. वरून कोण?”

वरून येणाऱ्या प्रत्येकासाठी एक पदार्थ ठरलेला होता. वडे, खीर, गवार, भोपळा हे सगळ्यांचं. त्याखेरीज ज्याचं त्याचं. आजोबांना कारल्याची भाजी, गूळ जरा जास्त घालून. आजीला ताकातली कढी, आल्याशिवाय. पणजोबांना आमसुलाची चटणी, तीही पाट्यावर वाटलेली, कारण मिक्सरची त्यांना चालत नसे. त्यांच्या वेळी मिक्सर नव्हते, हे सांगून काही उपयोग नव्हता.

आणि प्रत्येक पदार्थाबरोबर त्या माणसाची एक गोष्ट. गोष्ट चिरताना सुरू व्हायची आणि भांडं उतरवताना संपायची. “जास्त शिजवलं की दोन्ही बिघडतं,” असं त्या म्हणायच्या. आमच्या घरातल्या मुलांना आपल्या माणसांविषयी जे काही ठाऊक आहे, ते त्या ओट्याशी उभं राहून ऐकलेलं. मी स्वतः आजोबांना पाहिलं नाही. पण ते पावसात छत्री बगलेत धरून भिजत यायचे, आणि विचारलं तर “छत्री नवी आहे” म्हणायचे, हे मी डोळ्यांनी पाहिल्यासारखं सांगू शकतो. इतर घरांतही तेच. मोहल्ल्यातल्या तीन-तीन पिढ्यांचे मेलेले त्यांच्याकडे राहायला होते.

त्या गोष्टी खऱ्या होत्या का? मी बँकेतला माणूस, सही जुळल्याशिवाय पुढे न जाणारा. मी एकदा विचारलं होतं. निमित्त होतं दुर्गाघाटावरच्या एका घराचं. तिथले दाजी फार मारकुटे होते. मुलगा मोठा, कमावता झाला तरी त्याला पट्ट्यानं मारायचे, गल्लीला ऐकू जाईल असं. ते गेल्यावर मुलानं बरीच वर्षं श्राद्धच केलं नाही. साठी आली तेव्हा बायकोच्या आग्रहाखातर तयार झाला. बनूमावशी वडे थापता थापता त्याच्या नातवाला म्हणाल्या, “तुझ्या खापरपणजोबांचं नाही, पणजोबांचं सांगते. हात फार जड. पण पोराला मारलं की त्या दिवशी स्वतः जेवायचे नाहीत. मी स्वतः ताट परत नेलंय.”

साठ वर्षांचा मुलगा दाराशी येऊन उभा राहिला. “खरंच, मावशी?”

“पितरपाखात खोटं बोलेन का रे?”

तो तिथेच उंबऱ्यावर बसला आणि तोंडाला पंचा लावून रडला. मी त्या घरी जेवायला होतो. परत येताना गल्लीत मावशींना गाठून विचारलं. त्यांनी आधी मागेपुढे पाहिलं.

“एकदा नव्हते जेवले. दाढ दुखत होती.”

“आणि तुम्ही सांगितलंत...”

“एकदाचं नेहमीचं केलं. त्या बिचाऱ्याला साठाव्या वर्षी बाप मिळाला. तुझं काय गेलं, माधवा?”

त्यांना माझा राग आला नव्हता, पण पुढे कधी मी असं विचारलं की त्या “आले बँकवाले” म्हणून बाजूला सरकायच्या.

नेहमी त्याच गोष्ट घडवत, असंही नाही. ब्रह्माघाटाच्या एका घरी पिंडाला कावळा शिवेना. तासभर गेला. गुरुजींना अजून दोन घरं होती, ते घड्याळ बघायला लागले. मावशी गच्चीवर जाऊन रुसलेल्या कावळ्यांची बनारसीत समजूत काढायला लागल्या, “का हो बाबू, काहे रिसियाए हैं? आवा, खा ला!” कावळे काही आले नाहीत. आलं एक माकड. ते पानावरचा वडा उचलून शेजारच्या गच्चीवर गेलं आणि तिथे बसून त्यानं तो नीट दोन हातांनी खाल्ला. सगळ्यांची तोंडं उतरली. मावशी फक्त एवढंच म्हणाल्या, “चला, कोणीतरी जेवलं.” तिसऱ्या वर्षी त्याच घरात मी ऐकलं, “आमच्या आजोबांच्या श्राद्धाला साक्षात मारुती येऊन गेला.” सांगणारा मुलगा त्या दिवशी तिथे हजरही नव्हता. मावशींनी परातीतून मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि डोळे मिचकावले. “बघ, यात माझा हात नाही. तीन वर्षांत गोष्ट आपल्या पायानं चालायला लागते.”

आता जी गोष्ट सांगायची आहे, तीही अशीच चालत आमच्या घरात आली होती.

सर्वपित्रीच्या दिवशी, ज्यांची तिथी कोणाला ठाऊक नाही त्यांच्यासाठी, मावशी आमच्याकडे शिंगाड्याच्या पिठाचा शिरा करायच्या. तो गोदूआत्यांचा. गोदूआत्या म्हणजे माझ्या आजोबांची धाकटी बहीण. नवव्या वर्षी लग्न, अकराव्या वर्षी विधवा होऊन परत माहेरी, आणि पुढे ऐन पंचविशीत माघस्नानाला गेली असताना संकठा घाटावर गंगेत बुडाली. लहानपणी ही गोष्ट मी आजीकडून ऐकली. तेव्हा ती एका वाक्याची होती. पाय घसरला, गेली. वडील सांगायचे तेव्हा त्यात नावाडी आले. तीन दिवस त्यांनी शोधलं, पायरीवर फक्त तांब्या सापडला. आजी गेल्यानंतर गोष्ट मावशींच्या ताब्यात आली आणि तिला रूप आलं. पहाटेचं धुकं. गोदूनं आधी द्रोणात दिवा सोडला. तो लांब गेला तो पाहत ती एकेक पायरी उतरली. ना ओरडली, ना हात हलवले. गंगेनं तिला झोपलेल्या मुलीला उचलावं तसं अलगद घेतलं. शिरा भाजून होईपर्यंत एवढं व्हायचं. वेलदोडा घालताना मावशी थोड्या थांबायच्या. माझी मुलगी मुक्ता लहान असताना इथे दरवेळी डोळे पुसायची आणि पुढच्या वर्षी पुन्हा हीच गोष्ट मागायची.

गोदूआत्यांना शिंगाड्याचा शिरा आवडायचा हे तुम्हांला कसं कळलं, असं मी एकदा सहज विचारलं होतं. “हाताला मालूम आहे,” एवढंच त्या म्हणाल्या.

सहा वर्षांपूर्वी पुण्याहून आमच्या कुळाच्या समितीचं पत्र आलं. कुलवृत्तांत छापायचा होता. आमच्या आडनावाची सगळी घराणी, मूळपुरुषापासून आजच्या पोरांपर्यंत, एका जाड पुस्तकात. काशीच्या शाखेची माहिती मी लिहून द्यावी असं ठरलं. समितीचे प्रमुख अण्णाकाका, वडिलांचे चुलतभाऊ, फोनवर म्हणाले, “नुसती नावं नकोत रे. प्रसंग दे. काशीचं काहीतरी असू दे त्यात. ते तुमच्या कोणी गंगेत बुडालं होतं ना, ते सविस्तर लिही. वाचकाला धरून ठेवतं.”

मी वही घेऊन मावशींच्या खोलीवर जाऊ लागलो. बालाजी घाटाच्या वर, तळमजल्याची एक खोली, दाराबाहेर तुळस. पंचाहत्तरी उलटली होती, मोतीबिंदूमुळे वाचता येत नव्हतं, पण विळीवरचा हात तसाच. दुपारी चार ते पाच त्या सांगायच्या, मी लिहायचो. महिनाभर चाललं. शेवटी गोदूआत्यांचं पान आलं. मी म्हणालो, “हे मला पाठ आहे. तरी एकदा सांगा, म्हणजे तुमच्या शब्दांत घेतो.”

त्या सांगेनात. समोर शेंगा होत्या, त्या सोलत राहिल्या.

“छापणार?”

“हो. पाचशे प्रती.”

“मग बुडाली असं लिहू नकोस.”

“का?”

“बुडाली नाही ती. माझी आई होती.”

मला आधी कळलंच नाही. मी वहीत ‘आई’ असं लिहिलं आणि मग थांबलो.

त्यांनी सांगितलं ते फार थोडक्यात. गोदूआत्यांना दिवस गेले होते. कोणापासून, ते त्यांनी मुलीला सांगितलं नाही आणि मुलीनं विचारलं नाही. पणजोबांनी त्यांना घराबाहेर काढलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी घरातले सगळे पुरुष घाटावर जाऊन त्यांच्या नावानं आंघोळ करून आले, मेलेल्या माणसाच्या नावानं करतात तशी. घरातल्या मुलांनी विचारलं, आत्या कुठे आहे, मोठी माणसं सुतकी आंघोळ का करून आली. मुलांना काहीतरी सांगावं लागलं. त्या आंघोळीतलं पाणी पुढे गोष्टीत आलं.

गोदूआत्या रामनगरला गेल्या. तिथे एका कीर्तन करणाऱ्या विधवा बाईंनी त्यांना ठेवून घेतलं. तिथेच बनूचा जन्म. त्यानंतर गोदूआत्या तेवीस वर्षं जगल्या.

“तेवीस?” मी म्हणालो.

“तेवीस. पोरींना शिवण शिकवायची. दात पुढे होते. रागीट, इतकी की गल्लीतले कुत्रे वाट बदलायचे. शिरा भाजताना गाणं म्हणायची, एकदम बेसूर. कार्तिकात नावेनं इकडे यायची पंचगंगेचे आकाशदिवे बघायला. नाव घाटाला लागली तरी उतरायची नाही. मला वरच्या खिडक्या दाखवायची. ती तिसरी, ती आपली.”

ती तिसरी खिडकी माझ्या झोपण्याच्या खोलीची आहे.

लग्न होऊन, नवरा जाऊन, चाळिशीच्या आतच बनूमावशी गंगेच्या या काठाला आल्या त्या श्राद्धाच्या स्वयंपाकीण म्हणून. त्यांची आई कोण, हे कोणी विचारलं नाही. नवरा मराठी ब्राह्मण, अन्नछत्रात आचारी, एवढं लोकांना पुरलं. मी विचारलं, “आमच्या घरात कोणालाच ठाऊक नव्हतं?”

“तुझ्या आजीला. पहिल्याच दिवशी. मी विळीवर बसले, तिनं माझ्या हातांकडे पाहिलं आणि बघतच राहिली. बोलली काही नाही. पण पुढच्या वर्षी बोलावणं तिनंच धाडलं. आणि सर्वपित्रीला शिंगाड्याचं पीठ काढून ठेवलं, न सांगता.” मग त्या हसल्या. “चाळीस वर्षं तुझ्या पणजोबांना माझ्या हातचं खायला घातलं, माधवा. ज्यानं हाकललं त्याला. जेवले की! एकदाही ताट परत आलं नाही.”

“पण मग ती बुडण्याची गोष्ट तुम्ही स्वतः, दरवर्षी...”

“घरातली गोष्ट होती. मी नसती सांगितली तर दुसऱ्या कोणी सांगितलीच असती, पाय घसरला, गेली म्हणून. म्हटलं, बुडवायचीच आहे तर नीट बुडवावी.”

मी उगाच काहीतरी म्हणायचं म्हणून म्हणालो, “म्हणजे तुम्ही नात्यानं माझ्या आत्या झालात. इतकी वर्षं मी मावशी म्हणतोय.”

“मावशीच म्हण. आत्या म्हटलंस तर बारशाला नाव मी ठेवायचं आणि लुगडं तू द्यायचं. आता कुठे झेपतंय दोघांना?”

त्या हसत होत्या, पण मला मुक्ताचं बारसं आठवलं. मला सख्खी बहीण नाही. नाव ठेवायला आत्या कोण, यावरून त्या दिवशी बराच गोंधळ झाला आणि शेवटी शेजारच्या एका बाईंना उभं केलं. मावशी तेव्हा आत पुरणाच्या कणकेला तेल लावत बसल्या होत्या. लग्नकार्यात त्यांना न बोलावण्याचा नियम आम्ही तेवढ्यापुरता मोडला होता, आचारी आजारी पडला म्हणून.

उठताना मी विचारलं, “मग काय लिहू?”

“माझं नाव नको. रामनगर नको. ते सगळं लिहिलंस तर ज्यांनी ज्यांनी माझ्या हातचं श्राद्धाचं खाल्लं त्यांच्या पोटात आत्ता दुखेल. तू फक्त ‘बुडाली’ एवढं काढ.”

“एवढंच?”

“ती माझ्या मांडीवर गेली रे. ताप होता. मी पाणी पाजलं, केस विंचरले, मग गेली. पाण्यात एकटी गेली असं छापून ठेवू नकोस. गोष्ट सांगितली तर हवेत जाते. छापलेलं राहतं.”

मी हो म्हणालो. त्यांचा हात धरून म्हणालो.

पुढचं मी कोणालाही सांगितलेलं नाही, कल्पनालाही नाही. मला कोणी अडवलं नव्हतं. अण्णाकाकांना मी विचारलंही नाही, त्यामुळे त्यांनी नाही म्हणायचा प्रश्न नव्हता. एक शब्द गाळायचा होता. मी कागद पुढे घेऊन बसलो आणि ‘गोदावरी, बालविधवा’ असं लिहिलं. त्यापुढे काही न लिहिता पूर्णविराम दिला. मग वाटलं, लोक विचारतील. बुडण्याचं काय झालं, अण्णाकाका विचारतील. मग काय सांगू? आणि एकदा सांगायला लागलो तर कुठे थांबू? चाळीस वर्षांची आमच्या घरची श्राद्धं, आई तेव्हा हयात होती, ती काय म्हणेल. अशी कारणं मी त्या दुपारी स्वतःला दिली. खरं कारण त्याहून लहान होतं. मजकूर चांगला जमत होता. अण्णाकाकांनी कौतुक करावं असा मजकूर. मी धुकं लिहिलं. द्रोणातला दिवा लिहिला. गंगेनं झोपलेल्या मुलीसारखी अलगद घेतली, हेही लिहिलं. मावशींचेच शब्द. आईला नीट बुडवण्यासाठी त्यांनी वर्षानुवर्षं घासूनपुसून तयार केलेले शब्द मी त्यांच्या आईविरुद्ध वापरले.

पुस्तक आलं. अण्णाकाकांचा फोन आला, “काशीच्या पानावर पाणी आलं रे डोळ्यांत.” मी एक प्रत कपाटात मागच्या बाजूला ठेवली. मावशींना वाचता येत नाही, याचा मी आधार घेतला होता.

मुक्ता तेव्हा कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला होती. एकदा संध्याकाळी जेवताना ती म्हणाली, “बाबा, मावशींना आज किताब वाचून दाखवली. त्यांनीच मागितली. गोदूआत्यांवालं पान त्यांनी दोन वेळा वाचायला लावलं.”

मी घास परत ताटात ठेवला. “काय म्हणाल्या?”

“पहिल्यांदा काही नाही. म्हणाल्या, पुन्हा वाच. मग म्हणाल्या, छान लिहिलंय बाबांनी.”

मी जायला हवं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळीच जायला हवं होतं. मी आठ दिवसांनी गेलो, आणि हातात डाळिंबं घेऊन गेलो. पुरवणी निघेल तेव्हा दुरुस्ती करू, असं म्हणालो. मावशींनी डाळिंब हातात तोलून पाहिलं.

“पुरवणी कधी निघते?”

“निघते... काही वर्षांनी.”

“हो का? मग मला कळव,” त्या म्हणाल्या. “पत्ता तुला मालूमच आहे. छत दाखवते ना मी नेहमी.”

त्या वर्षीही सर्वपित्रीला त्या आल्या. बोलावणं पाठवताना मला वाटत होतं, नाही म्हणतील. आल्या, विळी उघडली, कोण कोण येणार विचारलं, कारली चिरता चिरता आजोबांची छत्री सांगितली. शिंगाड्याचं पीठ कढईत पडलं. त्या परतत राहिल्या. वास सुटला, पिठाचा रंग बदलला, पाणी घातलं, चर्र झालं. एक शब्द नाही. कल्पनाला राहवेना. “मावशी, आज गोदूआत्यांचं सांगत नाही?”

“आता छापलंय ना. वाचा की.”

त्यांचा आवाज रागाचा नव्हता. त्यांनी शिऱ्याची मूद पाडली, पानावर वाढली आणि हात धुतले. मी सोवळं नेसून पाटावर बसलो होतो, हातात दर्भ होता. माझ्याकडे त्यांनी पाहिलं नाही. त्यानंतर तीन वर्षं त्या येत राहिल्या आणि तीन वर्षं तो शिरा मुक्यानं झाला. इतर घरी त्यांचं बोलणं पूर्वीसारखंच चालू असल्याचं मी ऐकत होतो. या तीन वर्षांत मी त्यांच्या खोलीवर बऱ्याचदा गेलो. औषधं दिली, डोळ्याचं ऑपरेशन करून आणलं, पंखा बसवला. ज्यासाठी जायला हवं होतं ते सोडून सगळं केलं.

गेल्या फाल्गुनात त्या गेल्या. सकाळी तुळशीला पाणी घालून आत आल्या आणि खाटेवर बसल्या त्या बसल्याच. नवऱ्याकडचा एक पुतण्या नागपूरला होता, त्यानं फोनवर सांगितलं, तुम्हीच आटपा. मुक्ता नोकरीच्या गावाहून होळीला म्हणून आलेली होती. ती म्हणाली, मी येणार. घाटावर बायका येत नाहीत, असं कोणीतरी म्हणालं. तिनं फक्त चपला घातल्या. मोहल्ल्यातले बाराचौदा लोक होते, सगळे मावशींनी ज्यांच्या बापाआजांना जेवू घातलं ते. गल्ल्यांतून आम्ही मणिकर्णिकेला पोचलो तेव्हा दुपारचे बारा वाजले होते.

लाकडं रचेपर्यंत मी नोंदणीच्या टेबलाशी गेलो. चष्मा लावलेला एक माणूस रजिस्टर उघडून बसला होता. बाजूला चहाचा कुल्हड.

“नाम?”

“बनाबाई.”

“पति का नाम?”

सांगितलं.

“उमर?”

“बयासी-तिरासी.”

“आग कौन देगा?”

“हम.”

“आपसे रिश्ता?”

“पड़ोसी,” मी म्हणालो. विचार करावा लागला नाही. तोंडात तयार होतं.

“नहीं.” मुक्ता माझ्या मागे उभी होती. “बुआ थीं. पापा की बुआ.”

त्या माणसानं चष्म्यावरून आधी तिच्याकडे आणि मग माझ्याकडे पाहिलं. “तब पड़ोसी काहे बोल रहे हैं, भाईसाहब? का लिखें?”

मागे आमच्या गल्लीतले दोघे-तिघे होते. ते ऐकत होते. मी म्हणालो, “बुआ लिखिए.”

“और माँ का नाम गोदावरी,” मुक्ता म्हणाली.

“माँ का खाना नहीं है इसमें, बिटिया.”

“तो किनारे लिख दीजिए.”

त्यानं थोडं कुरकुरत लिहिलं. रकान्याबाहेर, तिरकं. ‘गोदावरी’तला ‘व’ रेघेला चिकटला.

पायऱ्या उतरताना मी मुक्ताला विचारलं, “तुला कधीपासून ठाऊक आहे?”

“ते पान वाचलं, त्याच दिवशी त्यांनी सांगितलं. सगळं. दात पुढे होते, ते पण.”

“मला बोलली नाहीस.”

“त्यांनी मना केलं होतं.” ती समोर बघत चालत होती. “म्हणाल्या, बाबा स्वतः सांगेल तुला. जरा थांब. मी थांबले, बाबा. त्या पण थांबल्या.”

तिरडी पाण्याच्या कडेला टेकवली होती. प्रथेप्रमाणे मी ओंजळीनं मावशींच्या तोंडात गंगा घातली. पाणी आत गेलं नाही, हनुवटीवरून गळ्याकडे ओघळलं. मुक्तानं ओढणीच्या टोकानं ते टिपलं, आणि मग पायरीवर गुडघे टेकून ती मावशींच्या तोंडाजवळ वाकली. मला वाटलं, रडते आहे. पण ती बोलत होती. अगदी हळू, मधूनमधून थांबत, हात हलवत, काहीतरी सविस्तर सांगत होती. ‘तिसरी खिडकी’ एवढे दोनच शब्द माझ्या कानावर आले. मावशींचा चेहरा तिच्याकडे वळलेला होता. वरून लाकडं रचणाऱ्यानं हाक मारली. पुन्हा मारली, यावेळी वैतागून, “अरे उठाइए, देर हो रही है!”

“दो मिनट, भइया,” मी म्हणालो. “अभी बात चल रही है.”